लोगोवर अडकलेला फोन



सकाळी धारा काढून झाल्यावर घरातले कुणीतरी फोन चालू करायला जाते. पडद्यावर कंपनीचे नाव उमटते आणि तिथेच थांबते. चहा होतो, पोरे शाळेला जातात, तरी ते नाव काही हलत नाही. बंद करून पुन्हा चालू करावा तर पुन्हा तेच. मग घरात चौकशी बसते. रात्री कुणी हाताळला? पोराने कसला खेळ उतरवून घेतला? चार्जिंगला लावून कोण बोलत बसले होते? कुणीच कबूल होत नाही आणि बाजाराच्या दिवशी तो फोन भाजीच्या पिशवीतून तालुक्याला जातो. दुकानातला पोरगा दोन मिनिटे पाहतो आणि सांगतो, ‘‘काका, सॉफ्टवेअर मारावे लागेल. डेटा जाईल. ठेवून जा, संध्याकाळी या.’’

काका ठेवून जातात. दुसरे करणार काय?

हे ‘सॉफ्टवेअर मारणे’ म्हणजे नेमके काय, ते कसल्या हत्याराने मारतात, त्यात तुमचे काय वाचू शकते आणि काय कायमचे जाऊ शकते, हे आज पाहू. फोन दुरुस्त करायला तुम्ही स्वतः बसावे असे माझे म्हणणे नाही. पण विहिरीवरची मोटर जळाली तर वायंडिंगवाल्याला आपण चार प्रश्न विचारतोच ना? तार तांब्याची आहे की नाही, हे डोळ्यांनी पाहतोच ना? फोनच्या दुकानात मात्र आपण गप्प उभे राहतो. आणि आज त्या सात-आठ हजारांच्या डबीत बँकेचा ओटीपी येतो, ई-पीक पाहणी तिच्यावरून होते, डेअरीचा हिशेब तिच्यात असतो, आणि लेकीच्या लग्नाचे फोटोही तिच्यातच असतात.

नाव दिसले म्हणजे तीन पायऱ्या चढल्या

स्वस्त फोनच्या पाठीवर नाव कुणाचेही असो, पोटातली मुख्य चिप बहुधा तिघांपैकी एकाची असते. तैवानची मीडियाटेक, अमेरिकेची क्वालकॉम, नाहीतर चीनची युनिसॉक, जिला पूर्वी स्प्रेडट्रम म्हणत. आपण मीडियाटेकचे उदाहरण घेऊ. १९९७ साली निघालेल्या या कंपनीच्या चिपांवर आपल्याकडचे कितीतरी स्वस्त फोन चालत आले आहेत, आणि तालुक्याच्या दुकानात रोज त्यांचीच गाठ पडते.

बटण दाबल्याबरोबर सगळा फोन एकदम जागा होत नाही. तो पायरी-पायरीने उठतो. पहिली पायरी खुद्द चिपच्या आत असते. तिला बूट रॉम म्हणतात. चिप कारखान्यात तयार होतानाच हा छोटासा मजकूर तिच्यात कोरलेला असतो. देवळाच्या ओट्यावरचा शिलालेख जसा, तसा. तो नंतर कंपनीला बदलता येत नाही, दुकानदाराला पुसता येत नाही आणि कुठल्या व्हायरसलाही खरडता येत नाही. बाकीचे सगळे म्हणजे पाटीवरचे लिखाण. पुसता येते, नव्याने लिहिता येते, आणि कधी कधी आपोआप पुसटही होते.

हा बूट रॉम फोनच्या साठवणीच्या मेमरीतून प्रीलोडर नावाचा छोटा प्रोग्राम शोधून काढतो. ती दुसरी पायरी. प्रीलोडर फोनची रॅम जागी करतो आणि तिसऱ्याला, म्हणजे बूटलोडरला, हाक मारतो. कंपनीचे स्थिर नाव पडद्यावर आणतो तो हा बूटलोडर. त्याच्यापुढे चौथी पायरी, ती खऱ्या अँड्रॉइडची. तिच्यावरच तुमचे व्हॉट्सॲप, फोटो आणि गाणी चालतात.

आता पुन्हा त्या अडकलेल्या फोनकडे पाहा. नाव दिसते आहे, याचा अर्थ चिप जिवंत आहे, रॅम जागी झाली आहे, पडदा चालतो आहे, म्हणजे तीन पायऱ्या ठीक चढून झाल्या आहेत. अडले आहे ते शेवटच्या पायरीवर. नाव स्थिर न राहता हलते चित्र पुन्हा पुन्हा फिरत असेल, तर अँड्रॉइडने उठायला सुरुवातसुद्धा केली आहे, फक्त त्याला पूर्ण उठता येत नाही. असे बऱ्याचदा मेमरी काठोकाठ भरल्यामुळे किंवा अपडेट अर्धवट राहिल्यामुळे होते. घरोघरी शुभप्रभातच्या चित्रांनी फोन भरलेले असतात, तेव्हा पहिले कारण फार लांब शोधायला नको!

म्हणून अशा फोनला कुणी ‘बोर्ड गेला, डेड आहे’ असे पाहताक्षणी म्हणाला, तर लगेच मान डोलवू नका. बोर्ड गेलेला फोन सहसा नाव दाखवण्यापर्यंत येतच नाही.

इंजिनाचे हँडल

बॅटरीवर चालू होणारे इंजिन बॅटरी उतरली की बटणाला दाद देत नाही. पण ज्या इंजिनाला हँडलची सोय ठेवलेली असते, ते हँडल मारून उठवता येते. फोनलाही असे एक हँडल ठेवलेले असते, आणि त्यामागे साधे कारण आहे. कारखान्यात फोन पहिल्यांदा जुळवला जातो तेव्हा त्याची मेमरी कोरी असते. अँड्रॉइड नाही, बूटलोडर नाही, काही नाही. मग त्यात पहिले अक्षर लिहायचे कुणी? ते काम बूट रॉमकडे दिलेले असते. त्याला मेमरीत धड प्रीलोडर सापडला नाही, तर तो केबलकडे पाहतो आणि पलीकडे संगणक बसला आहे का याची वाट बघतो.

कारखान्यासाठी ठेवलेला हा दरवाजा फोन विकल्यावरही बुजवलेला नसतो. मीडियाटेकच्या बऱ्याच फोनमध्ये फोन बंद करून, आवाजाचे बटण दाबून धरून केबल लावली, की संगणक ‘टुंग’ असा आवाज करतो आणि त्याच्या यादीत काही सेकंद ‘मीडियाटेक यूएसबी पोर्ट’ असे नाव दिसते. क्वालकॉमच्या फोनमध्ये याच दरवाजाला ईडीएल म्हणतात आणि यादीत ९००८ हा आकडा दिसतो. काही फोनमध्ये तो बटणांनी उघडत नाही. मागचे झाकण काढून बोर्डावरचे दोन बारीक ठिपके चिमट्याने जोडावे लागतात. दुकानदार त्याला टेस्ट पॉइंट म्हणतात. हे काम मात्र जाणत्याचेच. चुकीचे ठिपके जोडले तर धडधाकट बोर्ड जायचा.

पडदा पूर्ण काळा आहे, चार्जिंगचे चिन्हसुद्धा येत नाही, असा फोनही केबल लावल्यावर संगणकाला ‘मी आहे’ असे सांगत असेल, तर त्यात धुगधुगी आहे. दुकानात उभे असाल तर एवढे एक समोर करून दाखवायला सांगा. आवाज आला आणि यादीत नाव दिसले तर बोलणे पुढे चालू ठेवा.

आपल्याकडे वीज कधी जाईल याचा नेम नाही. सॉफ्टवेअर मारता मारता लाइट गेली आणि संगणक बंद पडला तर फोन संपला, अशी भीती बऱ्याच जणांना असते. लिखाण अर्धे राहते हे खरे. पण अर्धे राहते ते पाटीवरचे. शिलालेख जागेवरच असतो. वीज आली की केबल पुन्हा लावायची आणि पहिल्यापासून लिहायचे. तरी दुकानदाराकडे इन्व्हर्टर आहे ना, एवढे बघून घेतलेले बरे.

गटवारी नकाशा

मीडियाटेकच्या फोनसाठी दुकानांत जे हत्यार वर्षानुवर्षे चालत आले आहे त्याचे नाव एसपी फ्लॅश टूल, म्हणजे स्मार्ट फोन फ्लॅश टूल. ते मुळात कारखान्यांसाठी आणि सर्व्हिस सेंटरसाठी. तिथून ते सगळीकडे पसरले.

त्याचे काम कसे चालते ते पाहा. फोनची मेमरी म्हणजे एक मोठे शिवार. त्याचे गट पाडलेले असतात. एका गटात बूटलोडर, एकात पडद्यावरचे नाव, एकात अँड्रॉइड, एकात तुमचे फोटो-व्हिडिओ, आणि बांधाजवळच्या एका लहानशा गटात फोनची ओळख. कोणता गट कुठे सुरू होतो आणि किती लांब आहे, याची यादी एका साध्या मजकुराच्या फाइलीत असते. तिला स्कॅटर फाइल म्हणतात. आपल्या भाषेत गटवारी नकाशा. दुसऱ्या मॉडेलचा नकाशा वापरला तर मोजणी चुकते आणि एकाच्या रानात दुसऱ्याचा नांगर जातो.

बूट रॉम मोठा शहाणा नाही. त्याला फार थोडे येते. म्हणून संगणक आधी त्याच्या हाती डाउनलोड एजंट नावाचा एक छोटा प्रोग्राम देतो. हा मुकादम एकदा आत गेला, की पुढचे सगळे लिहिण्या-पुसण्याचे काम तो करतो. नव्या फोनमध्ये मात्र आलेला मुकादम कंपनीच्या सहीचा आहे की नाही हे आधी तपासले जाते. सही नसली तर दरवाजा उघडत नाही. म्हणून दुकानदार डोंगल घेतात, पैसे भरून सही मिळवतात, आणि तो खर्च तुमच्या बिलात येतो. एकाच कामाला एका फोनचे दोनशे आणि दुसऱ्याचे आठशे का, याचे उत्तर कधी कधी एवढेच असते. सगळेच दुकानदार लुटायला बसलेले नाहीत.

युनिसॉकच्या फोनची सगळी फाइल एका गठ्ठ्यात येते. तिला पॅक फाइल म्हणतात आणि तिचे टूल वेगळे. क्वालकॉमचे आणखी वेगळे. २०१७ साली आलेला जिओफोन पुष्कळांच्या घरी होता. बाहेरून जुळ्यासारखे दिसणारे ते फोन, पण काहींच्या पोटात क्वालकॉमची चिप आणि काहींच्या पोटात स्प्रेडट्रमची. एकाची फाइल दुसऱ्याला चालत नसे. नुसते ‘अमुक कंपनीचा फोन आहे’ म्हणून भागत नाही, नेमका मॉडेल क्रमांक लागतो, तो यासाठी.

आता या टूलमधली महत्त्वाची गोष्ट ऐका. त्यात लिहिण्याचे तीन प्रकार असतात. ‘डाउनलोड ओन्ली’ म्हणजे ज्या गटांपुढे खूण केली आहे तेवढेच गट नव्याने लिहायचे. ‘फर्मवेअर अपग्रेड’ म्हणजे सगळे नवे घालायचे, पण ओळखीचा गट जपून ठेवायचा. आणि तिसरा ‘फॉरमॅट ऑल प्लस डाउनलोड’. त्यात सगळे शिवार एकदा जाळून मग पेरायचे. बांधावरची झाडेसुद्धा ठेवायची नाहीत.

फोन अडकलेला असेल, कंपनीची त्याच आवृत्तीची फाइल हाती असेल आणि तुमच्या फोटोंचा गट शाबूत असेल, तर पहिल्या प्रकाराने काम भागू शकते. फोटोंच्या गटाचे नाव ‘यूझरडेटा’. त्याच्यापुढची खूण काढून टाकली तर दुकानदार फक्त अँड्रॉइड नवे घालतो आणि तुमच्या गटाला हात लावत नाही. फोन उठला तर फोटोंसह उठतो. दर वेळी जमेलच असे नाही. खुद्द त्या गटातच बिघाड असेल तर तो पुसण्यावाचून इलाज नसतो. पण आधी हा प्रयत्न करायला दहा-पंधरा मिनिटे जास्त लागतात, एवढेच. ‘डेटा जाईल’ हे वाक्य दुकानात सवयीने म्हटले जाते. ‘यूझरडेटाची खूण काढून एकदा मारून बघता का?’ हे तुम्ही विनयाने विचारू शकता. दुकानदार चमकून बघेल. बघू दे.

पुसलेले फोटो नंतर कुणी ‘रिकव्हरी’ करून देतो म्हणाला, तर पैसे देण्याआधी विचार करा. २०१९ मध्ये आलेल्या अँड्रॉइड १० पासून नव्या फोनमध्ये माहिती कुलूपबंद करूनच ठेवावी लागते, मग फोन कितीही स्वस्त असो. पुसताना त्या कुलपाची किल्लीही नष्ट होते. मेमरीची चिप काढून दुसऱ्या यंत्रात वाचली तरी हाती भुसाच लागतो. मेमरी कार्डावर ठेवलेल्या फोटोंची गोष्ट वेगळी, म्हणून फोन दुकानात देण्यापूर्वी सिम आणि कार्ड काढून घरी ठेवा.

एका घरात काय झाले

माझ्या ओळखीच्या एका घरातली हकिकत सांगतो. ऑगस्ट महिना, सोयाबीन गुडघ्याएवढे आलेले आणि ई-पीक पाहणी राहिलेली. काकांचा फोन हलत्या चित्रावर अडकला. दुकानात दिला. संध्याकाळी चारशे रुपये देऊन आणला. फोन झकास चालू, अगदी नवा घेतल्यासारखा. काकूंनी सुनेच्या डोहाळजेवणाचे फोटो शोधले, ते नव्हते. तेवढ्यावर भागले असते तर काकूंचा राग दिवाळीपर्यंत निवला असता. पण घरी आल्यावर कळले की सिमला रेंजच नाही. ‘नो सर्व्हिस’. मुलाने वायफायची यादी उघडली तर तिच्यात सगळ्यांत वर एक विचित्र ओळ, ‘एनव्हीरॅम वॉर्निंग’.

ज्याला फोन दुरुस्तीचे थोडे कळते त्याला या ओळीवरून सगळे समजते. दुकानातल्या पोराने तिसरा प्रकार वापरला होता. फॉरमॅट ऑल. बांधाजवळचा तो लहानसा ओळखीचा गटही जळाला होता. त्याच गटात आयएमईआय असतो आणि रेंज पकडण्यासाठी कारखान्यात त्या एका फोनपुरती केलेली जुळणीही असते. तो गट कुठल्या फाइलीत तयार मिळत नाही, कारण तो प्रत्येक फोनचा निराळा. जाळण्याआधी त्याची नक्कल काढून ठेवायला हवी होती. टूलमध्ये त्याची सोय आहे, तिला रीडबॅक म्हणतात.

काका दुसऱ्या दिवशी पुन्हा गेले. पोराने पाच मिनिटे काहीतरी केले आणि रेंज आली. काका खूश. त्याने काय केले हे कुणी विचारले नाही.

त्याने कुठल्या तरी दुसऱ्याच फोनचा क्रमांक त्यात घातला होता.

पंधरा अंक

आयएमईआय हा फोनचा पंधरा अंकी क्रमांक. गाडीचा जसा चेसिस नंबर असतो तसाच हा. प्रत्येक फोनचा वेगळा, आणि दोन सिमचा फोन असेल तर दोन क्रमांक. स्टार-हॅश-शून्य-सहा-हॅश दाबले की तो पडद्यावर येतो.

जुन्या वाचकांना २००९ साल आठवत असेल. मोठ्या आवाजाचे, दोन सिमचे स्वस्त चिनी फोन तेव्हा बाजारात भरपूर होते, आणि त्यांतल्या अनेकांना हा क्रमांकच नव्हता. सरकारने मुदत घातली आणि त्या वर्षाच्या डिसेंबरापासून क्रमांक नसलेल्या फोनची सेवा बंद करायला लावली. क्रमांकाचे महत्त्व गावोगाव कळले ते तेव्हा.

क्रमांक नसणे वाईट, पण दुसऱ्याचा असणे त्याहून वाईट. समजा, तो क्रमांक चोरीला गेलेल्या फोनचा असला आणि मूळ मालकाने तक्रार करून बंद केला, तर तुमचा फोन एके दिवशी अचानक मुका होतो. त्या क्रमांकाच्या फोनवरून कुणी फसवणूक केली असली, तर पोलिसांच्या शोधात तुमचे नावही येऊ शकते. २०२० साली उत्तर प्रदेशात मेरठच्या पोलिसांना एकाच आयएमईआय क्रमांकावर देशभर तेरा हजारांहून जास्त फोन चालू असल्याचे आढळले होते. तपासाची सुरुवात झाली ती एका पोलिसाच्याच दुरुस्त करून आणलेल्या फोनवरून!

हा क्रमांक मुद्दाम बदलणे हा गुन्हा आहे. २०१७ साली त्यासाठी नियम झाले आणि २०२३ च्या दूरसंचार कायद्यात तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पन्नास लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा आहे. काकांना यातले काहीच ठाऊक नव्हते. त्यांना वाटले, रेंज आली, काम झाले.

फोन चोरीला गेला तर हाच क्रमांक उपयोगी पडतो. मे २०२३ पासून केंद्र सरकारच्या ‘संचार साथी’ या सेवेवर हरवलेला फोन देशभर बंद करण्याची सोय आहे. तिथे हाच क्रमांक लागतो. तो कागदावर लिहून ठेवला नसेल तर फोनबरोबर क्रमांकही गेला.

गूगलचे खाते कुणाच्या नावाने?

आता एक अशी गोष्ट सांगतो जी आपल्याकडे जवळजवळ घरोघरी चुकलेली असते. फोन नवा घेतला तेव्हा दुकानातल्या पोराने पटापट बटणे दाबून एक जीमेल खाते काढून दिले. पासवर्ड त्यानेच ठरवला. आपण पेढे घेऊन घरी आलो. ते खाते कोणते, त्याचा पासवर्ड काय, हे ना आपल्याला माहीत, ना आता त्याच्या लक्षात.

फोन अडकल्यावर घरच्या घरी करता येण्यासारखा एक उपाय आहे. फोन बंद करून पॉवर आणि आवाज वाढवायचे बटण एकदम दाबून धरले की बऱ्याच फोनमध्ये रिकव्हरीची यादी येते. तिच्यात आधी नुसते ‘रीबूट’ करून पाहावे. त्याने काही जात नाही. ‘वाइप डेटा’ किंवा ‘फॅक्टरी रीसेट’ केल्यास सगळे पुसले जाते, पण फोन बहुधा उठतो. उठल्यावर मात्र तो विचारतो, आधीचे गूगल खाते सांगा. चोरलेला फोन पुसून विकता येऊ नये म्हणून २०१५ पासून, अँड्रॉइड ५.१ पासून, हे कुलूप आले. चोरासाठी लावलेल्या कुलपात मालकच अडकतो. मग पुन्हा तालुका, पुन्हा तीनशे रुपये, आणि ‘एफआरपी मारून’ घेणे.

तेव्हा आजच, फोन धडधाकट असताना, सेटिंगमध्ये जाऊन गूगलचे खाते कोणते आहे ते पाहा. पासवर्ड माहीत नसेल तर घरातल्या शिकलेल्या मुलाकडून किंवा मुलीकडून नवा करून घ्या. खात्याला तुमचाच चालू मोबाइल नंबर जोडा. आणि ते सगळे वहीत लिहा. सातबाऱ्याचे उतारे आणि बँकेची पुस्तके ज्या पत्र्याच्या पेटीत ठेवता, तिच्यातच ही वही ठेवा. फोनवर चिठ्ठी चिकटवून ठेवू नका. असेही पाहिले आहे म्हणून सांगतो.

दरवाजा दोघांनाही उघडतो

शिलालेख बदलता येत नाही हे आपल्या भल्याचे, असे वर म्हटले. त्याची दुसरी बाजूही आहे. शिलालेखात चूक राहिली तर तीही कायमची. मीडियाटेकच्या अनेक चिपांच्या बूट रॉममध्ये अशा चुका सापडल्या आणि सही नसतानाही मुकादम आत घुसवता येऊ लागला. त्याची टूल फुकट मिळतात. त्यांमुळे कंपनीने वाऱ्यावर सोडलेले जुने फोन कितीतरी कारागिरांनी उठवले, हे खरे. पण विकल्या गेलेल्या चिपांतली चूक दुरुस्त होणे नाही, म्हणून तोच दरवाजा अनोळखी हातांनाही उघडतो. फोन दोन-तीन दिवस कुणाकडे ठेवायचा असेल तर ठेवणारा माणूस ओळखीचा असावा.

फाइल कुठून घेतली हेही महत्त्वाचे. कुणीतरी जुळवून दिलेल्या फाइलीत चोरटा प्रोग्राम असू शकतो. काही स्वस्त फोनमध्ये तर ट्रायडा नावाचा असा प्रोग्राम दुकानात येण्याआधीच शिरला होता. गूगलने २०१९ मध्ये ते मान्य केले. आणि नव्यावर जुनी आवृत्ती मारणे तर फारच जपून. २०१८ मध्ये रेडमी नोट ५ प्रोमध्ये जुनी आवृत्ती नाकारणारी सोय आली, आणि तिच्यावरून ज्यांनी जुनी फाइल मारली त्यांचे चालू फोन बंद पडले.

दुरुस्तीनंतर फोन चालू होताना पडद्यावर ‘ऑरेंज स्टेट’ अशी इंग्रजी ओळ काही सेकंद दिसली, तर समजा की बूटलोडरचे कुलूप उघडे ठेवले आहे. अशा फोनवर बँकांची काही ॲप चालायला नकार देतात. ते कुलूप कसे बंद करायचे, हे दुकानदारालाच विचारा आणि त्याच्याकडूनच करून घ्या. घरी बसून प्रयोग केलात तर पुन्हा सगळे पुसले जाईल.

आणि कधी कधी कुठलेच सॉफ्टवेअर चालत नाही. लिहिता लिहिता दर वेळी मध्येच चूक येते, किंवा लिहून झाल्यावर फोन पुन्हा जुन्याच अवस्थेत उठतो. तेव्हा मेमरीची चिपच झिजलेली असते. तिच्यावर लिहिण्या-पुसण्याला मर्यादा असते, आणि स्वस्त फोनमध्ये ती मर्यादा लवकर गाठली जाते. चिप बदलता येते, पण त्या पैशात जुना धड फोन मिळत असेल तर हिशेब तुम्हीच करा.

दुकानातून निघण्यापूर्वी

फोन परत घेताना पैसे देण्याआधी दुकानातच स्टार-हॅश-शून्य-सहा-हॅश दाबा आणि आलेले पंधरा अंक बिलावरच्या किंवा खोक्यावरच्या अंकांशी जुळवून घ्या. एकही अंक वेगळा असेल तर फोन हातात घेऊ नका. सिम घालून एक फोन लावा, एक घ्या. शंका असेल तर इंग्रजी अक्षरांत केवायएम, मग मोकळी जागा, मग पंधरा अंक, असा संदेश १४४२२ वर पाठवा. तो क्रमांक कोणत्या कंपनीच्या कोणत्या फोनचा आहे, ते उत्तरात येते.

काकांच्या मुलाने हाच संदेश पाठवला तेव्हा उत्तरात भलत्याच कंपनीचे नाव आले. मग मूळ क्रमांकाची शोधाशोध सुरू झाली. फोनचे खोके नातवाने गोट्या ठेवायला घेतले होते. त्यावरची चिठ्ठी घासून घासून अर्धी गेली होती, शेवटचे पाच अंक दिसत नव्हते. काकूंनी खताच्या पावत्यांची पिशवी उलटी केली. तिच्यात तीन वर्षांपूर्वीचे फोनचे बिल निघाले आणि त्यावर पंधराचे पंधरा अंक स्पष्ट होते. ते बिल आणि खोके घेऊन काका जिल्ह्याच्या ठिकाणी कंपनीच्या सर्व्हिस सेंटरला गेले. दोन खेपा झाल्या, मूळ क्रमांक परत बसला. ई-पीक पाहणी तोवर शेजाऱ्याच्या फोनवरून उरकली होती. डोहाळजेवणाचे चार फोटो सुनेच्या माहेरच्यांनी पाठवले, बाकीचे मिळाले नाहीत.